सिटकॉमचा एक भाग कसा उलगडावा: पात्रसमूह अभ्यासण्याची रीत आणि क्रम

जुन्या अमेरिकन सिटकॉममधून, म्हणजे त्याच त्या पात्रांच्या विनोदी टीव्ही मालिकांतून, लेखन शिकू पाहणाऱ्यांच्या वह्या मी गेली काही वर्षे वाचतो आहे. त्यांत एकच चूक पुन्हा पुन्हा आढळते. भाग पाहता पाहता विनोद उतरवून घेतले जातात आणि प्रत्येक पात्रापुढे ‘भोळा’, ‘तापट’, ‘गर्विष्ठ’ अशी विशेषणे लिहिली जातात. वही भरते, परंतु त्या वहीवरून स्वतःचा एक प्रवेशही लिहिता येत नाही.

याचे कारण ‘टॅक्सी’ या टॅक्सीचालकांवरील मालिकेतील एका गाजलेल्या प्रसंगात दिसते. १९७९ च्या त्या भागात रेव्हरंड जिम हा डोके पार विस्कटलेला माणूस वाहन परवान्याची लेखी परीक्षा देत असतो आणि मित्र त्याला मदत करायला आलेले असतात. पिवळ्या दिव्याचा अर्थ काय, असे तो हळूच विचारतो. त्यांच्यापैकी बॉबी उत्तर देतो, ‘गती कमी कर.’ जिम ते वाक्य ‘हळू बोल’ असे समजतो आणि तोच प्रश्न अधिक संथ विचारतो. बॉबी तेच उत्तर देतो आणि जिम आणखी संथ होतो. हा विनोद वहीत उतरवला तर दोन ओळींचा होतो आणि त्यात काही उरत नाही. प्रत्यक्षात तो उभा आहे तो बॉबीच्या संपत चाललेल्या सहनशक्तीवर आणि जिमच्या अढळ विश्वासावर, म्हणजेच त्या दोघांच्या नात्यावर. अनेक पात्रांच्या सिटकॉममध्ये अभ्यासायचे एकक पात्रांची जोडी हे आहे. पुढचे सर्व टप्पे या एका गोष्टीसाठी आहेत.

नमुना म्हणून ‘चीअर्स’चा पहिला भाग घेतला आहे. तो ३० सप्टेंबर १९८२ रोजी एनबीसी वाहिनीवर दाखवला गेला. संपूर्ण भाग बॉस्टनमधील एकाच बारमध्ये घडतो आणि मालिकेचा जवळजवळ सगळा संसार त्यात मांडून होतो, म्हणून नवशिक्याने येथूनच सुरुवात करावी.

## पूर्वतयारी: प्रत, वही आणि वेळ

प्रत तपासून घ्यावी. पुनःप्रक्षेपणासाठी जुन्या मालिकांचे भाग अनेकदा जाहिरातींना जागा करून देण्याकरिता कापले गेले आहेत. ‘चीअर्स’चा अखंड भाग साधारण २४ ते २५ मिनिटांचा असतो, हाती आलेली प्रत २१-२२ मिनिटांत संपत असेल तर ती बाजूला ठेवावी. कापताना आधी जातात त्या कथानक पुढे न नेणाऱ्या जागा, म्हणजे बारच्या टोकाला चाललेले निरर्थक वाद, आणि आपल्याला नेमके तेच पाहायचे आहे.

चौकटही तपासावी. १९८० च्या दशकातील चित्रण चार-तीन प्रमाणाच्या, जवळजवळ चौरस पडद्यासाठी झाले होते. आजच्या रुंद पडद्यासाठी ते वरून-खालून छाटलेले असेल तर हातातली कामे आणि टेबलावरच्या वस्तू दिसेनाशा होतात. ‘साइनफेल्ड’च्या ‘द पॉटहोल’ या भागात असे झाले होते: ज्या खड्ड्यावरून भागाला नाव मिळाले तो खड्डाच छाटलेल्या चित्रात चौकटीबाहेर गेला. दोन्ही बाजूंना काळे पट्टे असलेली प्रत दिसायला जुनाट वाटली तरी तीच घ्यावी.

वही आडवी धरावी आणि सुरुवातीची पाने कोरी ठेवावीत. पेन दोन रंगांची असावीत. एका भागासाठी किमान चार बैठका धराव्यात, त्याही शक्यतो वेगवेगळ्या दिवशी. एकाच रात्री चार वेळा पाहिल्यास तिसऱ्या वेळेपासून मन पुढचे वाक्य आधीच म्हणू लागते आणि डोळे पाहायचे थांबतात.

*इशारा:* गाजलेल्या प्रसंगांच्या तीन-चार मिनिटांच्या तुकड्यांवरून हा अभ्यास करू नये. तुकड्यात विनोद येतो, पण त्या आधी अर्धा भाग घालवून उभे केलेले नाते येत नाही.

## टप्पा १: पहिली बैठक, हात न लावता

पहिल्या वेळी भाग मध्येच थांबवू नये आणि काहीही लिहू नये. भाग संपल्यावर स्मरणाने केवळ तीन गोष्टी लिहाव्यात: जागा कोणती, तेथे कोण कोण होते आणि सुरुवातीला नसलेली कोणती गोष्ट शेवटी झाली.

‘चीअर्स’साठी उत्तर असे येईल. जागा म्हणजे रस्त्याखालच्या तळघरातील बार. त्याचा मालक सॅम मलोन हा बेसबॉलच्या बॉस्टन रेड सॉक्स संघाचा माजी गोलंदाज आहे. त्याचे दारूचे व्यसन सुटले आहे आणि तरीही तो बार चालवतो. तेथे डायन चेंबर्स ही साहित्याची विद्यार्थिनी आपल्या प्राध्यापक वाग्दत्तासोबत येते. लग्नासाठी दोघे बार्बाडोसला निघालेले असतात. प्राध्यापक पहिल्या पत्नीकडून आजीची अंगठी परत आणायला जातो आणि अखेरीस त्या पत्नीसह निघून जातो. डायन त्याच बारमध्ये वेट्रेस म्हणून राहते.

*तपासणी:* ‘शेवटी काय झाले’ याचे उत्तर एका वाक्यात येत नसेल तर भाग पुन्हा पाहावा. पुढच्या टप्प्यावर जाऊ नये.

## टप्पा २: माणसांना तेथे काय धरून ठेवते?

हा टप्पा बहुतेक जण गाळतात, कारण उत्तर उघड वाटते. ते तसे नसते. प्रत्येक पात्रापुढे एक प्रश्न लिहावा: या माणसाला उठून जाता येत असताना तो जात का नाही?

‘टॅक्सी’तील माणसे पाळी मिळेपर्यंत गॅरेजमध्ये अडकलेली आहेत आणि जाळीच्या पिंजऱ्यात बसणारा लुई कोणाला गाडी द्यायची ते ठरवतो. ‘मॅश’मधील डॉक्टरांना कोरियाच्या युद्धात सैन्याने धरून ठेवले आहे. ‘चीअर्स’मध्ये सक्ती नाही, म्हणून तेथे उत्तर शोधणे अधिक कठीण आणि अधिक उपयोगी आहे. रोजचा गिऱ्हाईक नॉर्म घरी जाऊ इच्छित नाही. दुसरा गिऱ्हाईक क्लिफ याचे ऐकून घेणारे दुसरे कोणी नाही. एकटीने मुले वाढवणाऱ्या कार्ला या वेट्रेसला पगार हवा आहे. डायनला परत जायला तोंड उरलेले नाही. सॅमच्या बाबतीत मला सर्वांत बोलके वाटते ते हे की, ज्या वस्तूने त्याची कारकीर्द बुडवली ती विकत तो रोज उभा राहतो, आणि याचे स्पष्टीकरण लेखक देत बसत नाहीत.

*इशारा:* ‘ते मित्र आहेत म्हणून’ हे उत्तर ग्राह्य धरू नये. मैत्री हा परिणाम आहे. तिच्या आधी कोणती तरी गरज असते आणि ती गरज लिहायची आहे.

## टप्पा ३: प्रवेशांची नोंद

दुसऱ्या बैठकीत वेळ दाखवणारा आकडा समोर ठेवावा आणि कोणाचा प्रवेश झाला, म्हणजे कोणी आत आले, की भाग थांबवून चार रकाने भरावेत: वेळ, कोण आले, त्याच्यामुळे चालू बोलण्याचे काय झाले, आणि सर्वांत आधी कोणी प्रतिसाद दिला.

या भागाची सुरुवात पाहावी. एक अल्पवयीन मुलगा बिअर मागतो आणि सैन्याचे खोटे ओळखपत्र दाखवतो. त्यावरील जन्मवर्षानुसार तो ३८ वर्षांचा ठरतो. सॅम त्याला हाकलत नाही. तो व्हिएतनामचे युद्ध कसे होते असे गंभीरपणे विचारतो, मुलाचे पोरकट उत्तर ऐकतो आणि तितक्याच आदराने बिअर नाकारतो. मुलगा पुढे मालिकेत येत नाही. त्याच्यामुळे एका मिनिटात कळते ते सॅमचे वागणे: समोरच्याचे खोटे पकडल्यावरही तो त्याचा मान ठेवतो. पुढच्याच प्रसंगात डायन आत येते आणि हाच माणूस तिचा मान ठेवील का, हा प्रश्न प्रेक्षकाच्या मनात आधीच पेरलेला असतो.

त्यानंतरच्या नोंदींत एक गोष्ट ध्यानात येईल. पात्रे एकदम येत नाहीत. प्रत्येकाला स्वतंत्र प्रवेश मिळतो आणि प्रत्येक प्रवेश निराळ्या सुरातला असतो. एकांकिका लिहिणाऱ्यांनी ही नोंद फार काळजीपूर्वक करावी, कारण पडदा उघडताच सहा जण रंगमंचावर बसलेले दाखवण्याची आपल्याकडे सवय आहे आणि मग त्यांची ओळख करून देण्यात पहिली सात-आठ मिनिटे जातात.

नॉर्मच्या येण्यावर पुढील भागांत जी प्रथा पडली तीही नोंदवावी. तो दारातून आत आला की सगळा बार त्याच्या नावाने ओरडतो आणि डायन एकटी मागाहून ‘नॉर्मन’ असे पूर्ण नाव घेते. या एका हाकेत ती त्यांच्यात असूनही त्यांच्यातली नाही, हे प्रत्येक भागात नव्याने सांगून होते.

*तपासणी:* तिसऱ्या रकान्यात ‘काही झाले नाही’ असे दोनपेक्षा अधिक वेळा आले असेल तर आपण घाईने पाहिले आहे.

## टप्पा ४: जोड्यांचा तक्ता

हा अभ्यासाचा मुख्य टप्पा आहे आणि त्याला सर्वांत जास्त वेळ द्यावा.

पहिल्या हंगामातील सहा जणांची नावे घ्यावीत: सॅम, डायन, कार्ला, बारटेंडर कोच, नॉर्म आणि क्लिफ. सहा माणसांच्या १५ जोड्या होतात. ‘फ्रेंड्स’मध्येही सहा जण असल्यामुळे तितक्याच होतात, ‘द गोल्डन गर्ल्स’मधील चौघींच्या सहा. प्रत्येक जोडीला दोन ओळी द्याव्यात, कारण सॅमला डायनकडून हवे ते आणि डायनला सॅमकडून हवे ते एक नाही. अशा ३० ओळी होतात.

प्रत्येक ओळीत क्रियापद असलेच पाहिजे. ‘सॅम रंगेल आहे’ ही नोंद खोडावी. तिच्या जागी असे लिहावे: ‘सॅम नको असलेला फोन टाळण्यासाठी डायनला खोटे बोलायला लावतो.’ समोरची ओळ अशी येईल: ‘डायन त्याच्यासाठी खोटे बोलते, पण पलीकडच्या बाईने केलेली त्याची अतिरंजित स्तुती निरोप म्हणून त्याच्या तोंडावर जशीच्या तशी सांगते.’ येथे मालकाने नवख्या बाईला वापरले आणि तिने त्याच निरोपाने त्याला संकोचात टाकले. पुढील पाच हंगाम या दोघांमध्ये जे चालते त्याचा आराखडा या छोट्या देवाणघेवाणीत आहे.

पहिल्या भागावरून सर्व ओळी भरणार नाहीत. क्लिफची भूमिका त्या वेळी लहान होती. ही भूमिका करणारा जॉन रॅट्झनबर्गर नॉर्मच्या भूमिकेसाठी चाचणी द्यायला आला होता आणि प्रत्येक बारमध्ये असतो तसा एक सर्वज्ञ गिऱ्हाईक हवा, अशी सूचना त्यानेच केली होती. रिकाम्या ओळी रिकाम्याच ठेवाव्यात आणि पुढचे भाग पाहताना दुसऱ्या रंगाच्या पेनाने भराव्यात. कोणत्या जोडीला लेखकांनी किती उशिरा हात लावला, हे त्या रंगावरून कळते. मालिका ११ हंगाम चालली याचे एक कारण मला या उशिरा भरलेल्या ओळींत दिसते.

*नेहमीच्या चुका:* सगळ्या ओळी मध्यवर्ती पात्राशी जोडल्या जातात आणि कार्ला–कोच, नॉर्म–डायन अशा बाजूच्या जोड्या कोऱ्या राहतात. तसे झाले तर तो समूह राहत नाही, एका नायकाभोवतीचे मंडळ होते. दुसरी चूक भांडणालाच संबंध समजण्याची. भाग सुरू असताना सर्वांत घामेजलेला चित्रपट कोणता यावर बारमध्ये वाद रंगतो. त्यात कोणाचेही कोणाशी वैर नाही. डायनला मात्र त्या वादात उभे राहायला जागा नाही, आणि ओळ त्याचीच लिहायची आहे.

## टप्पा ५: आवाज बंद करून पाहणे

तिसऱ्या बैठकीत आवाज पूर्ण बंद करावा आणि बोलणाऱ्याकडे पाहू नये. एक पात्र निवडावे, समजा कार्ला, आणि ती गप्प असताना काय करते तेच पाहावे.

याआधी मालिका कशी चित्रित झाली ते ठाऊक असणे आवश्यक आहे. ‘चीअर्स’ स्टुडिओत जमलेल्या प्रेक्षकांसमोर एकाच वेळी अनेक कॅमेरे लावून फिल्मवर चित्रित होत असे. फिल्मवर तीन कॅमेऱ्यांची ही पद्धत १९५१ पासून ‘आय लव्ह लूसी’ने रूढ केली. यात सारे नट एकाच वेळी हजर असतात, त्यामुळे रुंद दृश्यात मागे उभा असलेला माणूसही खरोखर ऐकत असतो. ‘मॅश’ एका कॅमेऱ्याने चित्रित झाली. तेथे ऐकणाऱ्याचा चेहरा बहुधा वेगळा चित्रित करून जोडलेला असतो, म्हणून हा टप्पा तिथे या रीतीने लागू पडत नाही.

हशाबद्दलही सावध राहावे. प्रेक्षकांसमोरील चित्रणात नट हशा ओसरेपर्यंत थांबतात. रंगभूमीवर काम केलेल्यांना हे सांगावे लागत नाही. बाकीच्यांना त्या थांब्यात संवाद लांबल्याचा भास होतो. ‘मॅश’चा हशा मात्र ध्वनिमुद्रित आहे आणि शस्त्रक्रियेच्या प्रसंगांत तो वापरलेला नाही. हशाच्या लांबीवरून प्रसंगाची प्रत कधीही ठरवू नये, कारण खऱ्या प्रेक्षकांचा हशासुद्धा संकलनात वाढवला जात असे.

*तपासणी:* निवडलेल्या पात्राची नजर कोणाकडे किती वेळा गेली, हे सांगता आले पाहिजे. सांगता येत नसेल तर आपण नकळत पुन्हा बोलणाऱ्याकडे पाहिले आहे.

## टप्पा ६: एक माणूस काढून पाहणे

आता तक्त्यातील एक नाव झाकावे आणि भाग त्याच्याशिवाय चालतो का ते पाहावे. जुन्या सिटकॉमच्या बाबतीत ही परीक्षा कल्पनेवर सोडावी लागत नाही, कारण नट गेल्यामुळे ती प्रत्यक्षात घडलेली असते.

कोचची भूमिका करणारे निकोलस कोलासांतो १९८५ मध्ये वारले. त्यांच्या जागी नवा कोच आला नाही. इंडियाना राज्यातला वुडी बॉयड आला. दोघांचे काम वरवर एकच दिसते: बोललेल्या शब्दाचा सरळ अर्थ घेणे आणि कपट न समजणे. तक्त्यात मात्र सॅमसमोरची ओळ उलटी झाली. कोच सॅमचा जुना प्रशिक्षक होता, म्हणजे त्याच्या भोळेपणाला वडिलकीचे वजन होते. वुडी सॅमपेक्षा लहान आहे आणि त्याच्याकडे आदराने पाहतो. विनोदाची जात तीच राहिली आणि सॅम मुलाच्या जागेवरून थोरल्या भावाच्या जागेवर गेला.

१९८७ मध्ये डायनची भूमिका करणारी शेली लाँग मालिकेतून बाहेर पडल्यावरही हेच सूत्र दिसते. डायनच्या जागी दुसरी विदुषी आणली असती तर जुनीच ओळ फिकट झाली असती. सॅमने दरम्यान बार एका कंपनीला विकला आणि परत येऊन व्यवस्थापक रेबेका हाव हिच्याकडे नोकरी मागितली. आधी तो मालक आणि डायन वेट्रेस होती. आता रेबेका वरिष्ठ आणि तो नोकर झाला.

उलट दिशेचे उदाहरण ‘द गोल्डन गर्ल्स’मध्ये आहे. १९८५ च्या पहिल्या भागात चौघींच्या घरात कोको नावाचा स्वयंपाकी होता. दुसऱ्या भागात तो नाही. स्वयंपाकघरातील टेबलाभोवती चौघी बसू लागल्यावर त्याच्या नावासमोर लिहिण्यासारखी ओळ उरली नाही, असे तो भाग पाहताना मला स्पष्ट जाणवते.

## टप्पा ७: एक बातमी, अनेक प्रतिसाद

‘चीअर्स’चा तक्ता तयार झाल्यावर दुसऱ्या मालिकेचा एकच भाग पाहावा: ‘द मेरी टायलर मूर शो’मधील ‘चकल्स बाइट्स द डस्ट’. तो २५ ऑक्टोबर १९७५ रोजी प्रक्षेपित झाला. लेखन डेव्हिड लॉइड यांचे, दिग्दर्शन जोन डार्लिंग यांचे.

मिनिॲपोलिसच्या वृत्तकक्षात बातमी येते की, शेंगदाण्याच्या वेषात सर्कसच्या मिरवणुकीत गेलेल्या चकल्स या विदूषकाला हत्तीने मारले. इतर बातम्या पुढे जातात तशी ही जात नाही. वृत्तलेखक मरे विनोदांमागून विनोद करतो, वृत्तकक्षाचा प्रमुख लू हसू आवरू शकत नाही आणि मालिकेची नायिका मेरी सर्वांना खडसावते. अंत्यविधीच्या वेळी बाकीचे गंभीर होतात आणि नेमके तिथे मेरीला हसू फुटते. धर्मगुरू तिला मोकळेपणी हसायला सांगतात, कारण मृताला लोकांनी हसलेलेच आवडले असते, आणि ती रडू लागते.

वहीत दोन रकाने करावेत: वृत्तकक्षात कोण हसले, अंत्यविधीत कोण हसले. दोन्ही याद्या परस्परांच्या उलट आहेत. मेरीने आधी खडसावले नसते तर शेवटचे हसू केवळ वेडेपणाचे दिसले असते. ते इतके अवघड वाटते, कारण ज्यांना तिने लाजवले तेच तिच्या शेजारी बसलेले आहेत.

## टप्पा ८: स्वतःचा प्रवेश

आता लिहायला घ्यावे, त्याआधी नाही. पात्रे तीनच घ्यावीत. तिघांच्या तीन जोड्या आणि सहा ओळी होतात, आणि त्या सर्व भरल्याशिवाय पहिला संवाद लिहू नये. जागा आपल्या पाहण्यातली असावी: भिशीचे घर, सोसायटीचे कार्यालय, एसटी आगाराची विश्रांतिगृहे, जे खरोखर ठाऊक असेल ते. बॉस्टनचा बार उचलून पुण्यात मांडू नये, कारण तेथे माणसांना धरून ठेवणारे कारण आपल्या माणसांना लागू होत नाही आणि मग टप्पा २ चे उत्तर खोटे पडते.

बाहेरून एक बातमी आत आणावी आणि ती तिघांना वेगवेगळ्या वेळी कळू द्यावी. पहिल्या खर्ड्यात मुद्दाम एकही विनोद लिहू नये. तिघांनी एकमेकांकडून काय मागितले आणि काय नाकारले एवढेच लिहून तो तीन जणांकडून मोठ्याने वाचून घ्यावा. वाचणाऱ्यांपैकी कोणी न सांगता हसले, तर ती जागा वहीत अधोरेखित करावी आणि त्या ओळीला दुसऱ्या खर्ड्यात हात लावू नये. शेवटी पात्रांची नावे झाकून संवाद दुसऱ्या कोणाला वाचायला द्यावेत. कोणते वाक्य कोणाचे, हे त्याला ओळखता आले नाही तर दोष संवादात शोधू नये. तक्त्याकडे परत जावे आणि कोणती ओळ विशेषणावर निभावून नेली आहे ते पाहावे.